खिडकीवरचा प्रश्न

गेल्या महिन्यात एका वाहिनीच्या बैठकीत मला सांगण्यात आलं, "मॅडम, मुलगी न्यू जर्सीत वाढलीय ना, मग आपण नक्की कुठल्या हा प्रश्न तिला पडलेला दिसू दे. संवादात येऊ दे." मालिका कुठली ते सोडा. मी रात्री बसून दीड पानाचं स्वगत पाडलं. त्यात माती होती, पाळंमुळं होती, दोन दगडांवरचे पाय होते, शेवटी आजीच्या गोधडीची ऊबही होती. दुसऱ्या दिवशी पंधरा मिनिटांत मंजूर. 'अंगावर काटा आला' असा मेसेजही आला.

मला काटा आला नाही, लाज आली. परदेशात वाढलेली, परत आलेली, परत येऊ न शकलेली इतकी माणसं मी पाहिली आहेत. त्यातल्या एकानंही माझ्यासमोर मातीबद्दल दीड पान बोलून दाखवलेलं नाही.

असं झालं की मी शेरीन दाबिसचा 'अम्रीका' लावून बसते. २००९ सालचा सिनेमा. लेखन, दिग्दर्शन दोन्ही तिचंच. अमेरिकेला अरबीत अम्रीका म्हणतात, आमच्या गावाकडच्या म्हाताऱ्यांच्या उच्चाराच्या जवळचं. मुना नावाची घटस्फोटित पॅलेस्टिनी बाई, बेथलेहेमजवळ राहणारी, रामल्लातल्या बँकेत नोकरी करणारी. कामावर जाता-येता तपासणी नाके. एक दिवस ग्रीन कार्डाच्या लॉटरीत नंबर लागल्याचं पत्र येतं आणि ती फादी या शाळकरी मुलाला घेऊन इलिनॉयला बहिणीकडे निघते. साल २००३, इराकवर हल्ला सुरू होतोय, आणि ही दोघं अमेरिकेच्या विमानतळावर खिडकीपाशी उभी आहेत.

खिडकीतला माणूस नागरिकत्व विचारतो. मुना सांगते, ते आमच्याकडे नाही. तो गोंधळतो आणि पुढचा रकाना विचारतो, ऑक्युपेशन? मुना म्हणते, हो, चाळीस वर्षं झाली.

त्यानं नोकरी विचारलीय, तिनं इस्रायलचा कब्जा ऐकलाय. हा प्रसंग मी एकदा मराठीत करून पाहिला होता, नुसता हात साफ करायला. होत नाही. 'धंदा' घेतला तर कब्जा जातो, 'ताबा' घेतला तर नोकरी. पण विनोद सोडला तरी प्रसंगाची बांधणी माझ्या डोक्यातून जात नाही. ही बाई स्वतःहून स्वतःबद्दल काहीही सांगत नाही. खिडकी विचारते म्हणून ती उत्तर देते, आणि उत्तर चुकतं. थिएटर हसतं. दोन ओळींत माझ्या दीड पानाचं काम झालेलं असतं, आणि गोधडीची गरज पडलेली नसते.

दाबिसला ही खिडकी कुठून सापडली हे तिच्या मुलाखती वाचल्यावर कळतं. जन्म अमेरिकेतल्या ओमाहाचा, १९७६ सालचा. वडील पॅलेस्टिनी, लहान मुलांचे डॉक्टर. आई जॉर्डनची. वाढली ओहायोतल्या एका लहानशा गावात. १९९१ च्या आखाती युद्धाच्या दिवसांत गावानं रंग बदलला. वडिलांकडे येणारे पेशंट तुटले. तिच्या सतरा वर्षांच्या बहिणीनं राष्ट्राध्यक्षांना मारायची धमकी दिली अशी अफवा उठली आणि चौकशीला सीक्रेट सर्व्हिसची माणसं थेट शाळेत आली. 'अम्रीका'त मुनाच्या बहिणीचा नवरा डॉक्टर आहे आणि त्याचेही पेशंट तुटताहेत, ते हे. या मुलीनं पुढे कोलंबिया विद्यापीठात चित्रपटाचं शिक्षण घेतलं, अमेरिकन टीव्ही मालिकांसाठी लिहिलं (हे वाचून मला उगाचच जवळीक वाटली होती) आणि मग हा सिनेमा केला.

त्याच युद्धाच्या दुसऱ्या टोकाला मी होते. दहा वर्षांची, कुवेतमध्ये.

बाबा एका गाड्यांच्या शोरूममध्ये हिशेबनीस होते. आम्ही हवल्लीत राहायचो. हवल्ली म्हणजे तेव्हा पॅलेस्टिनी लोकांची वस्ती. दुकानं त्यांची, शिंपी त्यांचे, बेकऱ्या त्यांच्या. १९९० च्या आधी कुवेतमध्ये चार लाखांच्या आसपास पॅलेस्टिनी होते. शाळांत शिकवणारे, पूल बांधणारे, बँकांची खातेवही सांभाळणारे. आमच्या शेजारच्या दारात असंच एक कुटुंब होतं. घरातल्या बाईला मी खाला म्हणायचे. खाला म्हणजे मावशी. आत्याला अरबीत वेगळा शब्द आहे, अम्मा. इंग्रजी सबटायटलं या दोघींना एकाच आंटीत कोंबतात तेव्हा मला फार चिडायला होतं. फादी कुणाकडे राहायला गेलाय, मावशीकडे की आत्याकडे, हे कळल्याशिवाय मराठी माणसाला घर कळतं का?

खाला आणि आई यांची मैत्री अळूवडीवरून झाली. खाला द्राक्षाची पानं भरायची, तिच्याकडे त्याला दवाली म्हणतात. पान उलटं पसरायचं, देठ खुडायचा, मधोमध तांदूळ-खिम्याची बारीक रेघ, दोन्ही कडा आत आणि मग करंगळीएवढी गुंडाळी. आई शाकाहारी, तिच्यासाठी वेगळं, टोमॅटो घातलेलं सारण. आईनं पहिल्यांदा हात लावला तो अळूच्या पानाला लावल्यासारखा, सैल हातानं. खालानं तिच्या हातातून गुंडाळी घेतली, उलगडली, परत घट्ट वळून दिली. शब्द एकही नाही. पुढे गावाहून कुणी येताना वर्तमानपत्रात गुंडाळून अळू आणलं तेव्हा आईनं तस्संच उट्टं काढलं.

एकदा असंच वळता वळता खालानं विचारलं, तुम्ही कुठल्या? आई म्हणाली, मुंबई. वास्तविक आम्ही संगमेश्वरकडचे, मुंबईशी संबंध विमानापुरता. पण परदेशात कोण संगमेश्वर समजावत बसणार. आईनं उलट विचारलं, तुम्ही? खाला म्हणाली, याफा. नकाशातलं जाफा. आईनं अगदी साधेपणानं पुढचा प्रश्न टाकला, सुट्टीत जाता का मग?

खाला हसली. बराच वेळ हसली. मग म्हणाली, इन्शाअल्ला, आणि पुढचं पान घेतलं.

तिचा जन्म गाझातला होता, याफा तिनं डोळ्यांनी पाहिलेलं नव्हतं, हे मला पुढे बाबांकडून कळलं. १९४८ मध्ये, इस्रायल स्थापन झालं तेव्हाच्या युद्धात, याफातून निघालेली कितीतरी कुटुंबं बोटींनी गाझाकडे गेली, त्यातलं तिच्या वडिलांचं एक. आईला ते कळल्यावर ती दोन दिवस शेजारी गेली नाही, लाजेनं. मग अळूवड्या घेऊन गेली.

२ ऑगस्ट १९९० ला पहाटे इराकी रणगाडे आले. बाबांची रजा मंजूर झाली नव्हती म्हणून आम्ही त्या उन्हाळ्यात तिथेच होतो. पुढच्या गोष्टीवर पुष्कळ लिहून आलंय, सिनेमेही झालेत, मी थोडक्यात आवरते. बसनं बसरा, तिथून बगदाद, तिथून जॉर्डनची सीमा. वाळवंटात तंबू. पाण्याच्या टँकरपुढे रांग. मग अम्मानच्या विमानतळावरून एअर इंडिया. त्या काही आठवड्यांत पावणेदोन लाखांच्या घरात भारतीय माणसं अशी मुंबईला उतरवली गेली. सहारच्या विमानतळावर कुणीतरी आम्हाला वडापाव दिला, तो मी खाल्ला आणि ओकले.

आईच्या मांडीवर सगळा वेळ एक डबा होता. डॅनिश बटर बिस्किटांचा निळा गोल डबा. आखातात राहिलेल्या प्रत्येक घरात तो असतो आणि त्यात बिस्किटं कधीच नसतात. वर दोऱ्याची रिळं, बटणं, सुया, मापाची टेप. खाली, जुन्या रुमालात, तिच्या पाटल्या आणि माझ्या आत्याच्या लग्नासाठी घेतलेली साखळी. एका नाक्यावर इराकी सैनिकानं झाकण काढलं. वीस-बावीस वर्षांचा पोरगा असेल. त्यानं रिळांकडे पाहिलं, एक पांढरं रीळ उचललं, खिशात टाकलं आणि डबा परत दिला. त्याच्या सदऱ्याचं बटण तुटलेलं होतं म्हणे. हे आई सांगते, मला आठवत नाही.

निघताना खाला दारात उभी होती. तुम्ही कधी निघणार, असं आईनं या वेळी विचारलं नाही. त्यांच्याकडे इजिप्तनं दिलेला प्रवासाचा दाखला होता, गाझातल्या निर्वासितांना मिळायचा तो. दिसायला पासपोर्टसारखाच. पण तो दाखवून इजिप्तमध्येही आपसूक शिरता येत नव्हतं, व्हिसा लागायचा. म्हणजे ज्या सरकारनं कागद दिला त्याच्याच दारात परवानगी मागायची. युद्ध संपल्यावर, पॅलेस्टिनी नेते यासर अराफात इराकच्या सद्दामच्या बाजूनं दिसले याचा राग कुवेतनं तिथल्या पॅलेस्टिनींवर काढला. बहुतेकांना देश सोडावा लागला. ज्यांच्याकडे जॉर्डनचे पासपोर्ट होते ते लाखोंनी जॉर्डनला गेले, त्यांतल्या कित्येक मुलांनी ते गाव पहिल्यांदाच पाहिलं. खालासारखे दाखलेवाले अडकले.

रस्ता तोच, ऊन तेच. आमच्यासाठी विमान आलं, कारण आमच्या निळ्या-काळ्या पुस्तिकेमागे एक सरकार होतं. रडतखडत का होईना, होतं. मला हे कळायला पंचवीस वर्षं गेली, आणि कळलं ते एका सिनेमामुळे.

ॲनमेरी जासिरचा 'सॉल्ट ऑफ धिस सी', २००८ सालचा. तीही लेखक-दिग्दर्शक, बेथलेहेममध्ये जन्मलेली, सौदीत वाढलेली, मग अमेरिकेत शिकलेली. तिची नायिका सोराया ब्रुकलिनची आहे. आयुष्यात पहिल्यांदा पॅलेस्टाइनला येते आणि इथेही सुरुवात खिडकीपाशीच. तेल अवीवच्या विमानतळावर तिला विचारतात, वडील कुठे जन्मले, आजोबा कुठे जन्मले. आजोबा याफाचे. १९४८ मध्ये त्यांचे पैसे तिथल्या बँकेत अडकले. सोराया रामल्लाच्या बँकेत जाऊन शांतपणे ते मागते. काउंटरवरचा माणूस समजावतो की असं खातं आता अस्तित्वात नाही. ती परत मागते. शेवटी ती आणि तिचे दोन मित्र बँक लुटतात. आजोबांचे होते तेवढेच पैसे घ्यायचे, असा तिचा हट्ट.

बँक लुटण्याचा भाग मला पहिल्यांदा भाबडा वाटला होता. समीक्षक म्हणून अजूनही वाटतो. पण मुलगी म्हणून नाही. कारण आमच्याही बाबांचे पैसे बँकेत राहिले होते. बारा वर्षांची पुंजी, कुवेती दिनारात. इराकनं तो दिनारच रद्द करून टाकला. संगमेश्वरच्या घरात बाबा वर्षभर पडवीत बसून होते. आणि मग १९९१ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी नुकसानभरपाईचा आयोग नेमला, पैसे इराकच्या तेलाच्या उत्पन्नातून. दिल्लीत परराष्ट्र मंत्रालयानं त्यासाठी कुवेत कक्ष उघडला. अर्ज छापून आले. देश सोडावा लागला याची भरपाई माणशी २,५०० डॉलर, कुटुंबाला ५,०००. इतर दाव्यांवर पाणी सोडायची तयारी असेल तर ४,००० आणि ८,०००. बाबांनी तो अर्ज कार्बन लावून तीन प्रतींत भरला. काही वर्षांनी चेक आला. गेलं त्याच्या मानानं काहीच नाही, पण त्यावर आमच्या घराची कौलं गेली आणि स्लॅब पडला.

सोराया काउंटरवर मागते आणि तिला काही मिळत नाही. बाबांनी मागितलं आणि त्यांना स्लॅबपुरतं मिळालं. दोघांच्या मधे जे काही आहे त्यावर हे सगळे सिनेमे उभे आहेत असं मला वाटतं. आपलेपणा मनात किती दाटून येतो ते या बायका लिहीतच नाहीत. खिडकीत हात घातल्यावर पलीकडून कुणी हात देतं का, एवढंच लिहितात.

एक शब्दाचं वेडही सांगते, विषयांतर वाटलं तरी. परमुलुखात असण्याला अरबीत गुरबा म्हणतात. त्याच धातूचा शब्द गरीब. अरबीत गरीब म्हणजे परका, ओळखीचा नसलेला. फारसीतून फिरत आपल्याकडे येईपर्यंत परक्याचा कंगाल झाला. वतन अरबीत मायदेश, मराठीत मात्र सनद, जमीन आणि हक्कावरून चाललेली भाऊबंदकी. म्हणजे आपण हे शब्द घेताना भावना उंबऱ्याबाहेर ठेवली आणि मालमत्ता आत घेतली! आणि वाजवी. वाजवी दर, वाजवी अपेक्षा. तो वाजिबवरून आला. अरबीत वाजिब म्हणजे कर्तव्य.

'वाजिब' हा जासिरचाच २०१७ चा सिनेमा. इस्रायलमधल्या नाझरेथ या अरब वस्तीच्या शहरात मुलीच्या लग्नाच्या पत्रिका घरोघरी हातानं द्यायची पद्धत आहे, पोस्टानं पाठवली तर अपमान. बाप शिक्षक, मुलगा इटलीत वास्तुविशारद. तो या कामासाठी आलाय. दोघं एका जुन्या गाडीतून दिवसभर पत्रिका वाटतात. बस, एवढीच गोष्ट. बाप-लेकाचं काम मोहम्मद बक्री आणि सालेह बक्री या खऱ्या बाप-लेकानं केलंय. मुलाच्या केसांवरून आणि कपड्यांवरून कुरबुर, प्रत्येक घरी कॉफी, प्रत्येक घरी 'आता तुझं कधी'. ज्यानं कधी अक्षता आणि पत्रिका घेऊन नात्यातली घरं पालथी घातलीत त्याला हा सिनेमा समजवावा लागत नाही. परदेशातून आलेला मुलगा तावातावानं गावाच्या अवस्थेबद्दल बोलतो आणि गावात राहिलेला बाप त्याच्याकडे बघतो, की तुला बोलायला काय जातंय. बापाला एका इस्रायली अधिकाऱ्याला पत्रिका द्यायची आहे, मुलाच्या मते तो हेर आहे. भांडण तिथे पेटतं. मला दोघांचंही पटतं, आणि पटकथेची खरी करामत तीच आहे.

दाबिसचा दुसरा सिनेमा, अम्मानमध्ये घडणारा 'मे इन द समर', मला एवढा भिडला नाही. त्यात माणसं जरा जास्त बोलून दाखवतात. (माझ्या दीड पानाची बहीण.) पण तिचा २०२५ चा 'ऑल दॅट्स लेफ्ट ऑफ यू' मोठ्या पल्ल्याचा आहे. १९४८ च्या याफातली संत्र्यांची बाग आणि तिथून पुढे तीन पिढ्या. ती पॅलेस्टाइनमध्येच चित्रीकरणाची तयारी करत होती, ऑक्टोबर २०२३ मध्ये युद्ध पेटलं आणि युनिटला बाहेर पडावं लागलं. मग जॉर्डन, सायप्रस, ग्रीस असं करत सिनेमा पुरा झाला. जासिरचंही तेच. पहिल्या सिनेमाच्या वेळी तिला परत प्रवेश नाकारला गेला, आणि राहिलेलं चित्रीकरण तिनं फ्रान्समधल्या मार्सेला केलं. आम्ही गोरेगावच्या फिल्मसिटीत कोकण उभं करतो ते बजेट नसतं म्हणून. माड प्लास्टिकचे आहेत हे प्रेक्षकांना कळतं आणि ते चालवून घेतात. याफा परमुलुखात उभं करावं लागणं ही वेगळी गोष्ट आहे. तिथला कलादिग्दर्शक जुने फोटो पाहत भिंतीला रंग देत असेल, तेव्हा शेजारी उभी असलेली बाई काय सांगत असेल त्याला? रंग जरा फिका कर?

१९९३ च्या सुमारास आम्हाला एक पत्र आलं होतं. कॅनडातून. खालाच्या मुलीनं लिहिलेलं, इंग्रजीत, जेमतेम अर्धं पान. सगळे बरे आहोत, बर्फ फार आहे, बाबांना अजून काम नाही. आणि शेवटी, आई विचारते, ती हिरवी गुंडाळी तुम्ही अजून करता का. आईनं मला उत्तर लिहायला बसवलं होतं. अळूला इंग्रजीत काय म्हणतात हे आम्हा दोघींना येत नव्हतं, म्हणून ते दोन दिवस राहिलं, मग राहूनच गेलं.

ते स्वगत मी काढून टाकलं. वाहिनीला न विचारता. त्या जागी मुलगी तालुक्याच्या बँकेत आजीच्या खात्याला स्वतःचं नाव जोडायला जाते, आणि खिडकीतला कारकून विचारतो, कायमचा पत्ता? ती पेन हातात धरून उभी राहते, मागच्या रांगेतला माणूस म्हणतो, ओ ताई, लिहा की. बस. वाहिनीचा फोन आला, सीन छोटा पडतोय. मी म्हटलं, पडू दे. अजून उत्तर नाही.

परवा आई माझ्याकडे आली होती. तिला म्हटलं, ये, तुला एक गंमत दाखवते, आणि 'अम्रीका' लावला. इंग्रजी सबटायटलं तिला झेपत नाहीत, पण अरबी तिचं अजून बऱ्यापैकी आहे. पहिल्या दहा मिनिटांतच ती मुनाच्या आईच्या स्वयंपाकघराकडे वाकून बघायला लागली, गॅसवर काय आहे म्हणून. मग विमानतळ आला. ऑक्युपेशनचा विनोद मी समजावला, ती हसली नाही. मग सामानाची तपासणी. मुनानं सगळी शिल्लक बिस्किटांच्या डब्यात लपवून आणलीय. कस्टमवाले खाण्याच्या वस्तू काढून घेतात, आणि त्यात तो डबाही जातो. फादीला आत पैसे आहेत हे ठाऊकच नसतं. मुनाला ते कळतं घरी पोचल्यावर.

आईनं माझा हात धरला होता. मी सिनेमा थांबवला. पाणी देऊ का म्हणून विचारलं. ती पडद्याकडेच बघत होती.

"वर रिळं ठेवायची ना बाई," ती मुनाला म्हणाली. "खायचं कशाला ठेवलंस."